पापाचा वाटेकरी कोण?

वाचनासाठी शास्त्रभाग : १ शमुवेल २२:१-२, यशया ५३:१२, लूक २२:३५-३८, लूक २३:३२-४३, इफिसकरांस ४:२८

चेन्नई शहराचे नाव घेतले की आपणा ख्रिस्ती लोकांना सेंट थॉमस माउंट ही टेकडी आणि मैलापूर येथील सान थोमे महामंदिर ही स्थळे प्रथम आठवतात. प्रेषित थोमा याच परिसरात हुतात्मा झाला, अशी आपली प्राचीन परंपरा आहे. परंतु ह्याच शहरात आणखी दोन वस्त्या अशा आहेत की ज्यांच्याशी लुटारूंच्या आठवणी जोडल्या गेल्या आहेत. प्रस्तुत लेखात आपण त्या आठवणींपासून आरंभ करून वधस्तंभापर्यंत जाणार आहोत. हा मार्ग वाचकांस प्रथमदर्शनी विचित्र वाटेल. परंतु शुभवर्तमानकारांनी स्वतःच आपल्या प्रभूला लुटारूंच्या मध्ये उभे केले आहे, हे विसरून चालणार नाही.

चेन्नईतील दोन आठवणी

शहराच्या दक्षिणेस समुद्राजवळ तिरुवान्मियूर नावाची वस्ती आहे. हे नाव वाल्मीकी ऋषींवरून पडले असे तेथील लोक परंपरेने सांगतात, आणि तेथे वाल्मीकींचे एक लहानसे देऊळही आहे. वाल्मीकींची कथा मराठी माणसाला नव्याने सांगावयास नको. ‘वाल्याचा वाल्मीकी झाला’ हा आपल्या बोलण्यातला नित्याचा वाक्प्रचार आहे. वाल्या कोळी वाटसरूंना लुटी व ठार मारी, आणि प्रत्येक हत्येमागे एक खडा रांजणात टाकी, असे आपल्या आजीबाई सांगत. एके दिवशी त्याला नारदमुनी भेटले. त्यांनी एवढेच विचारले की, ज्यांच्यासाठी तू हे करतोस ती तुझी बायकामुले तुझ्या पापात वाटेकरी होतील काय? वाल्या घरी गेला आणि त्याने विचारले. घरच्यांनी उत्तर दिले की, पोसणे हे तुझे कर्तव्य. ते तू कसे करतोस हे तुझे तू पाहा. लुटीचे अन्न सर्वांनी खाल्ले होते. पापाचा वाटा घेण्यास मात्र कोणीही तयार नव्हते. त्या क्षणी वाल्या हादरला.

दुसरी वस्ती तिरुवल्लिक्केणी. इंग्रजांनी तिचे ट्रिप्लिकेन असे नाव रूढ केले. तेथील पार्थसारथी मंदिरात पल्लव राजा दंतिवर्मा याच्या काळातील, म्हणजे नवव्या शतकातील शिलालेख आहे. ह्या मंदिरावर ज्यांनी पदे रचली त्यांत तिरुमंगई आळ्वार हे एक होत. तमिळ वैष्णव ज्या बारा संतकवींना आळ्वार म्हणतात, त्यांच्यापैकी ते शेवटचे मानले जातात. त्यांचा काळ सर्वसाधारणपणे आठवे-नववे शतक समजतात. ‘पेरिय तिरुमोळि’ ही त्यांची सर्वांत मोठी रचना आहे, आणि ती चार हजार पदांच्या ‘दिव्य प्रबंधम्’ ह्या संग्रहात समाविष्ट आहे.

त्यांच्या चरित्राची परंपरागत कथा अशी. ते चोळ राजाचे मांडलिक सरदार होते. कुमुदवल्ली नावाच्या कन्येशी विवाह करण्यासाठी तिने त्यांना अट घातली की, वर्षभर दररोज १००८ वैष्णवांना भोजन द्यावे. ते त्यांनी आरंभिले. परंतु खजिना आटला. मग राजाला द्यावयाची खंडणी त्यांनी अन्नदानात खर्च केली. राजाने त्यांना पकडले. पुढे मार्ग सुचेना, तेव्हा त्यांनी वाटमारी सुरू केली. नागपट्टणम् येथील बौद्ध विहारातील सोन्याची बुद्धमूर्ती त्यांनी पळविली व तिच्या सोन्यातून श्रीरंगम येथील मंदिराचे बांधकाम केले, अशीही आख्यायिका आहे. शेवटी एका रात्री त्यांनी लग्नाचे वऱ्हाड अडविले. वराच्या पायातील दागिना निघेना, म्हणून तो दातांनी काढण्याचा त्यांनी प्रयत्न केला. लुटीचे गाठोडे बांधले, तर ते उचलेना. ‘तू कोणता मंत्र घातलास?’ असे त्यांनी दरडावून विचारले, तेव्हा त्या वराने त्यांच्या कानात अष्टाक्षरी मंत्र सांगितला. वराच्या रूपाने स्वतः विष्णूच आला होता अशी भाविकांची श्रद्धा आहे. ही लूट ‘वेडुपरि’ या नावाने आजही तमिळनाडूतील वैष्णव मंदिरांच्या उत्सवांत साभिनय दाखविली जाते.

आपल्या शेजाऱ्यांच्या श्रद्धास्थानांविषयी आपण आदरानेच बोलावे. ह्या कथांची थट्टा करावी असा प्रस्तुत लेखकाचा मुळीच हेतू नाही. उलट, ह्या कथांनी जो प्रश्न उपस्थित केला आहे तो अत्यंत खरा आहे, आणि त्याचे उत्तर आपणही दिले पाहिजे. तो प्रश्न पाहण्यापूर्वी आपण क्षणभर युरोपकडे वळू. कारण तेथील ख्रिस्ती म्हणविणाऱ्या समाजातही त्याच काळाच्या आगेमागे असेच लुटारू झाले.

कायद्याबाहेर टाकलेला मनुष्य

मध्ययुगीन इंग्लंडमध्ये एक भयंकर शिक्षा होती. ज्याच्यावर गंभीर आरोप आहे असा मनुष्य न्यायसभेपुढे आला नाही, तर परगण्याच्या लागोपाठच्या सभांत त्याच्या नावाचा पुकारा होई. पाचव्या सभेपर्यंतही तो हजर झाला नाही, तर त्याला कायद्याच्या बाहेर घालवीत असत. त्याची मालमत्ता जप्त होई, आणि त्याला कायद्याचे काहीच संरक्षण उरत नसे. त्याच्या डोक्याला ‘लांडग्याचे डोके’ म्हणत. रानातल्या लांडग्याला जसे कोणीही मारावे, तसा तो. आइसलँडमध्ये ह्याच शिक्षेचे नाव ‘अरण्यात जाणे’ असे होते. तेथील ग्रेत्तिर नावाच्या पुरुषाची गाथा प्रसिद्ध आहे. तो एकोणीस वर्षे असा बहिष्कृत राहिला असे ती गाथा सांगते.

ह्या स्थितीला मराठीत एकच असा नेमका शब्द नाही. ‘फरारी’ म्हटले तर केवळ पळून जाण्याचा अर्थ येतो. ‘दरोडेखोर’ म्हटले तर केवळ कृत्याचा. आपला ‘वाळीत टाकलेला’ हा शब्द मात्र त्याच्या पुष्कळ जवळ जातो. ज्याच्याशी पाणी नाही, विस्तव नाही, बोलणे नाही, असा मनुष्य. तो अपराधी असेलही, नसेलही. पुष्कळजण केवळ भीतीने किंवा दारिद्र्याने न्यायसभेपुढे आले नाहीत, म्हणून लांडगे ठरले.

अशा बहिष्कृतांच्या कथा लोकांना गोड वाटू लागल्या. १०६६ साली नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकले, तेव्हा हेरवर्ड नावाच्या वीराने ईली येथील दलदलीच्या प्रदेशात विजेत्यांशी झुंज दिली. १०७० साली त्याच्या टोळीने डेन लोकांच्या साहाय्याने पीटरबरोचा मठ लुटला. मठावर नॉर्मन मठाधिपती येणार होता. म्हणून हे आपण मठाच्याच निष्ठेपोटी करीत आहोत, असे लुटणाऱ्यांनी सांगितल्याची नोंद त्याच मठाच्या बखरीत आहे. मठाची सोन्यारुप्याची संपत्ती समुद्रापार गेली, आणि बहुतेक परत आली नाही. पुढे रॉबिन हूडच्या कथा आल्या. त्याचा साहित्यातील पहिला उल्लेख सुमारे १३७७ सालचा आहे. जुन्या कथाकाव्यात तो मरियेचा मोठा भक्त आहे. कर्जात बुडालेल्या एका सरदाराला तो ४०० पौंड देतो, आणि जामीन म्हणून मरियेचे नाव स्वीकारतो. पुढे यॉर्क येथील मठाचा कारभारी त्याच्या हाती सापडतो, त्याच्यापाशी ८०० पौंड निघतात, आणि मरियेनेच दुप्पट परतफेड केली असे समजून रॉबिन ते ठेवून घेतो.

वाचकहो, तमिळ देशातील संतकथा आणि इंग्लंडातील हे कथाकाव्य यांचा एकमेकांशी काहीही संबंध नाही. तरीही दोहोंचा गाभा किती सारखा आहे ते पाहा. लुटणारा भाविक आहे. लूट स्वतःसाठी नाही, देवासाठी किंवा गरिबांसाठी आहे. आणि देव, किंवा देवाच्या जवळची व्यक्ती, त्या लुटीच्या व्यवहारात सामील होते. मनुष्याच्या मनाला ही कल्पना फार आवडते असे दिसते.

ह्या कथा का आवडतात?

त्या आवडतात, कारण त्यांत सत्याचा अंश आहे. कायदा नेहमी न्यायी असतोच असे नाही. कधी राजा लुटतो आणि त्याला कर म्हणतात. सावकार लुटतो आणि त्याला व्याज म्हणतात. अशा वेळी रानात राहणारा मनुष्य राजवाड्यातील मनुष्यापेक्षा अधिक सरळ वाटतो. पवित्र शास्त्रालाही हे ठाऊक आहे. इफ्ताहाला त्याच्या भावांनी घरातून हाकलून दिले, तेव्हा त्याच्याभोवती रिकामटेकडे लोक जमले (शास्ते ११:३). दावीद अदुल्लामाच्या गुहेत होता तेव्हा संकटात सापडलेले, कर्जाने पिडलेले आणि मनाने कष्टी झालेले असे सुमारे ४०० लोक त्याच्याकडे आले (१ शमुवेल २२:२). देवाचा अभिषिक्त राजा गुहेत होता आणि देवाने नाकारलेला राजा सिंहासनावर होता. शास्त्र ह्या गुहेकडे तिरस्काराने पाहत नाही.

परंतु शास्त्र त्या गुहेवर सोनेरी मुलामाही चढवीत नाही. नाबालाने अपमान केला तेव्हा दावीद त्याच्या घरातील सर्व पुरुषांना ठार मारावयास निघाला होता. अबीगईलने वाट अडविली नसती तर निर्दोषांचे रक्त त्याच्या माथी बसले असते (१ शमुवेल २५). पलिष्ट्यांच्या देशात असताना त्याने गावे लुटली, आणि साक्षीदार उरू नये म्हणून स्त्रीपुरुष कोणाला जिवंत ठेवले नाही (१ शमुवेल २७:८-११). ते वर्णन वाचताना वाचकाला अस्वस्थ व्हावेच लागते, आणि आपण व्हावे हे बरेच आहे.

वाल्याचा प्रश्न

आता आपण नारदमुनींच्या प्रश्नाकडे परत येऊ. लुटीचे अन्न खाणारे पापात वाटेकरी होतात काय? वाल्याच्या घरच्यांनी स्पष्ट नाही म्हटले. बाकीच्या कथांत हा प्रश्न कोणी विचारलेलाच नाही. रोज जेवणाऱ्या १००८ जणांनी तो विचारला नाही, कर्जमुक्त झालेल्या सरदारानेही विचारला नाही.

आणखी एक माणूस ह्या कथांत कोठेच दिसत नाही. तो म्हणजे लुटला गेलेला वाटसरू. त्याचे काय झाले? तो घरी कसा पोहोचला? त्याच्या मुलीचे लग्न मोडले काय? कथा त्याला रस्त्यावर सोडून पुढे जाते. ह्याउलट आपल्या प्रभूने सांगितलेला चांगल्या शोमरोन्याचा दाखला आठवा (लूक १०:३०-३७). त्यातही लुटारू आहेत. परंतु त्यांनी लुटीचे काय केले, ती कोणाला वाटली, त्यांच्यावर कोणता अन्याय झाला होता, ह्याविषयी प्रभू एक शब्दही बोलत नाही. दाखला त्या अर्धमेल्या माणसापाशी थांबतो, त्याच्या जखमांत तेल व द्राक्षारस ओततो, आणि त्याला उचलून उतारशाळेत नेतो. लुटारूंच्या दंतकथा आणि शुभवर्तमान यांतील पहिला भेद हा आहे.

येथे आपण इतरांकडे बोट दाखवून थांबू नये. प्रेषित थोमाविषयी सिरियाक भाषेत तिसऱ्या शतकाच्या सुमारास लिहिलेले एक पुस्तक आहे. त्यात अशी कथा आहे की, गोंदोफारेस राजाने थोमाला राजवाडा बांधण्यासाठी द्रव्य दिले, आणि थोमाने ते सर्व गरिबांना वाटून टाकले. राजाने विचारले, तेव्हा तो म्हणाला की वाडा स्वर्गात बांधला आहे. गोंदोफारेस हा राजा खरा होऊन गेला, त्याची नाणी उपलब्ध आहेत. परंतु कथा दंतकथाच आहे, आणि मंडळीने ते पुस्तक नव्या करारात घेतले नाही. दुसऱ्याच्या पैशाने स्वतः दानशूर होण्याचा मोह किती जुना आहे, आणि तो किती भक्तिमान रूप घेऊन येतो, हे ह्यावरून दिसते.

यशया ६१:८ मध्ये परमेश्वर आपणास न्याय प्रिय असल्याचे सांगतो आणि लुटीविषयी आपला तिटकारा व्यक्त करतो. ह्या वचनात भाषांतरकारांना थांबविणारा एक शब्द आहे. त्यातील इब्री व्यंजने एका प्रकारे उच्चारली तर ‘अन्यायाने केलेली लूट’ असा अर्थ होतो; पारंपरिक इब्री पाठाच्या स्वरांप्रमाणे वाचली तर ‘होमार्पणासह लूट’ असा होतो. दुसरा अर्थ घेतला तर वचन अधिकच धारदार होते. लुटीच्या पैशाने वेदीवर आणलेला पशू देवाला सुवासिक वाटत नाही; त्याला त्याचा वीट येतो.

शुभवर्तमानातील लुटारू

नव्या करारात चोरासाठी दोन वेगळे ग्रीक शब्द आहेत. ‘क्लेप्तेस’ म्हणजे गुपचूप चोरी करणारा. ‘लेस्तेस’ म्हणजे शस्त्र घेऊन उघड लुटणारा. योहान १०:१ मध्ये प्रभूने हे दोन्ही शब्द एकापाठोपाठ वापरले आहेत, म्हणून भाषांतरातही दोन निराळे शब्द ठेवणे भाग पडते. यरीहोच्या वाटेवरचे ते ‘लेस्तेस’. त्या काळचा यहूदी इतिहासकार योसेफस हा रोमी सत्तेविरुद्ध उठलेल्या सशस्त्र टोळ्यांनाही हाच शब्द लावतो. म्हणजे एकाच शब्दात दरोडेखोर आणि बंडखोर हे दोन्ही अर्थ मिसळलेले होते. एकाच्या दृष्टीने जो वीर, तोच दुसऱ्याच्या दृष्टीने लुटारू. मध्ययुगातील रानांतही असेच होते.

हा शब्द ध्यानात ठेवून दुःखसहनाचा वृत्तांत पुन्हा वाचा.

पहिली गोष्ट, शेवटच्या भोजनाच्या वेळी प्रभू म्हणतो की, यशया ५३:१२ चे भविष्य माझ्या ठायी पूर्ण होणे अवश्य आहे (लूक २२:३७). तेथे लूकने योजलेला ग्रीक शब्द ‘अनोमोस’ असा आहे. ‘नोमोस’ म्हणजे नियमशास्त्र किंवा कायदा, आणि ‘अनोमोस’ म्हणजे कायदा नसलेला. आपला प्रभू स्वतःच सांगतो की माझी गणना कायद्याबाहेरच्या लोकांत होणार आहे.

दुसरी गोष्ट, बागेत त्याला धरावयास लोक तलवारी व सोटे घेऊन आले, तेव्हा त्याने विचारले की, मी लेस्तेस आहे असे समजून आलात काय? (लूक २२:५२).

तिसरी गोष्ट, लोकांपुढे निवड ठेवण्यात आली, आणि त्यांनी बरब्बाला मागून घेतले. बरब्बा हा बंडात खून केलेल्या लोकांबरोबर बंदिवान होता (मार्क १५:७), आणि योहान त्याला लेस्तेस म्हणतो (योहान १८:४०). लोकांना रानातला वीर हवा होता, आणि त्यांना तो मिळाला.

चौथी गोष्ट, प्रभूला दोन लेस्तेस यांच्या मध्ये खिळण्यात आले (मत्तय २७:३८, मार्क १५:२७). आपण सवयीने ‘वधस्तंभावरील चोर’ असे म्हणतो. परंतु हे दोघे भुरटे चोर असण्याचा संभव फार थोडा आहे. वधस्तंभ ही रोमी लोकांची दासांसाठी, बंडखोरांसाठी आणि लुटारूंसाठी राखून ठेवलेली शिक्षा होती. मधला वधस्तंभ बरब्बासाठीच होता असे शास्त्र शब्दशः सांगत नाही. परंतु एक लुटारू त्या दिवशी मोकळा चालत गेला आणि त्याच्या जागी निष्पाप मनुष्य मेला, हे ते निःसंशय सांगते.

आता वाल्याच्या प्रश्नाचे उत्तर आपल्यापुढे उभे राहते. घरच्यांनी लूट खाल्ली आणि पापाचा वाटा नाकारला. येथे एक असा आहे की ज्याने लुटीतला कणही खाल्ला नव्हता, आणि त्यानेच पापाचा वाटा घेतला. वाटाच नव्हे, तर सर्व भार घेतला. यशयाच्या त्याच वचनात तो बहुतांचे पाप वाहतो असे म्हटले आहे. इब्रीकरांस पत्राचा लेखक सांगतो की येशूने वेशीबाहेर दुःख सोसले, आणि आपणही छावणीबाहेर त्याच्याकडे जावे (इब्री १३:१२-१३). ज्याला मराठीत वाळीत टाकलेला म्हणतात, त्याच्या जागेवर आपला तारणारा उभा राहिला.

रिकाम्या हातांनी काय करावे?

त्या दोघांपैकी एकाने पश्चात्ताप केला. त्याचे बोलणे लक्षपूर्वक पाहा (लूक २३:४०-४२). त्याने आपल्यावरील अन्यायाची कहाणी सांगितली नाही. आपल्याला मिळालेली शिक्षा योग्य आहे असे त्याने कबूल केले, येशूने काही अयोग्य केले नाही अशी साक्ष दिली, आणि आपली आठवण ठेवण्याची विनंती केली. लुटलेले परत देण्याची त्याला सोय नव्हती. हात खिळलेले होते. पुण्यकर्मे करण्यास वेळ नव्हता. तरीही त्याला त्याच दिवशी सुखलोकाचे वचन मिळाले. तारण हे परतफेडीने विकत मिळत नाही, हे ह्याहून स्पष्टपणे कोठे सांगितले असेल?

परंतु ज्याचे हात मोकळे आहेत त्याने त्या खिळलेल्या हातांचा आधार घेऊ नये. जक्कयाचे हात मोकळे होते. तारण त्याच्या घरी आले, आणि त्याने आपले अर्धे द्रव्य दरिद्र्यांस देण्याचे व ज्याचे अन्यायाने घेतले त्याला चौपट परत करण्याचे ठरविले (लूक १९:८). येथे लुटलेला मनुष्य पुन्हा कथेत येतो. जक्कयाने केवळ गरिबांना दान केले असते तर तो रॉबिन हूड ठरला असता. त्याने ज्याचे होते त्याला शोधून परत दिले, म्हणून तो अब्राहामाचा पुत्र ठरला.

पौल इफिस येथील मंडळीला हेच शिकवितो (इफिस ४:२८). तेथे त्याने ‘क्लेप्तेस’ ह्या शब्दाशी संबंधित क्रियापद वापरले आहे. चोरी करणाऱ्याने चोरी थांबवावी, आपल्या हातांनी चांगले काम करून श्रम करावे, आणि त्यातून गरजवंताला द्यावे. गरिबाला देण्याची इच्छा पौल नाकारीत नाही. परंतु दान कोठून यावे ते तो सांगतो : स्वतःच्या घामातून.

जन्माने लुटारू?

ह्या विषयाची आणखी एक बाजू आपल्या देशात अत्यंत वेदनादायक आहे. तिरुमंगई आळ्वार हे परंपरेने कळ्ळर समाजातील मानले जातात. तमिळ भाषेत ‘कळ्ळन’ म्हणजे चोर. ब्रिटिश सरकारने १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, आणि १९११ साली तो मद्रास व मुंबई इलाख्यांसही लागू करण्याची तरतूद केली. ह्या कायद्याने संपूर्ण जमातीच जन्माने गुन्हेगार ठरविल्या. मदुरा भागातील पिरमलै कळ्ळर त्यांत आले. ३ एप्रिल १९२० रोजी पेरुंगामनल्लूर गावच्या लोकांनी बोटांचे ठसे व नोंदणी यांस विरोध केला, तेव्हा झालेल्या गोळीबारात माणसे मारली गेली. आपल्याकडे पारधी, कैकाडी, भामटा इत्यादी लोकांवर हाच शिक्का बसला. त्यांना हजेरी द्यावी लागे, परवानगीवाचून गाव सोडता येत नसे, आणि अनेकांना तारेच्या कुंपणातील वसाहतीत राहावे लागे.

हे मान्य केले पाहिजे की अशा काही वसाहती ख्रिस्ती संस्थांनी चालविल्या. मुक्तिफौजेने अनेक ठिकाणी, आणि सोलापुरात काही काळ अमेरिकन मराठी मिशनने हे काम पाहिले. त्यांनी शाळा काढल्या, हातांना काम दिले, हे खरे. परंतु कुंपणही होते, हेही खरे. इंग्लंडच्या मध्ययुगीन मंडळीने कायद्यापासून पळणाऱ्याला चर्चमध्ये चाळीस दिवस आश्रय दिला होता. डरहॅमच्या कॅथीड्रलच्या दारावरील कडी अशा आश्रयाची खूण म्हणून प्रसिद्ध आहे. तेथे मंडळीचे दार बाहेर टाकलेल्यासाठी उघडत असे. येथे मात्र तिच्या दाराची किल्ली सरकारच्या हाती राहिली.

१९५२ साली हा कायदा रद्द झाला. शिक्का मात्र अद्याप पुसलेला नाही. गावात चोरी झाली की अजूनही पोलिसांच्या आधी आपल्याच तोंडून एखाद्या वस्तीचे नाव निघते. प्रिय वाचकहो, ज्याच्या तारणाऱ्याची गणना कायद्याबाहेरच्यांत झाली, त्या ख्रिस्ती माणसाच्या तोंडून तरी ते नाव निघू नये. पारध्याचे मूल आपल्या रविवारच्या शाळेत आले, तर आपण आपली पर्स जवळ ओढतो की त्याच्यासाठी जागा करतो? त्या एका हालचालीत आपले ईश्वरविज्ञान उघड होते.

आपल्या दाराशी

शेवटी प्रश्न आपल्या दाराशी येतो. आज आपल्यापैकी कोणी रानात वाट अडवीत नाही. परंतु शाळेच्या प्रवेशासाठी ‘देणगी’ म्हणून पावतीशिवाय पैसे घेऊन ते चर्चच्या छपराला लावणे, मंडळीची जमीन गुपचूप विकून उरलेल्या पैशात सुवार्तासभा भरविणे, एका कामासाठी आलेला निधी दुसऱ्या ‘पवित्र’ कामाकडे वळविणे, नोकराचा पगार थकवून नाताळचे दान मोठे करणे, ह्या गोष्टी आपल्या कानांवर येत नाहीत काय? अशा वेळी आपण म्हणतो की, पैसा शेवटी देवाच्याच कामाला लागला. हेरवर्डचे लोकही पीटरबरोच्या मठाच्या दारात हेच म्हणाले होते.

आणि आपण, जे त्या छपराखाली बसतो आणि त्या सभेचे जेवण जेवतो, ते वाल्याच्या घरच्यांसारखे ‘ते तुझे तू पाहा’ असे म्हणणार काय? मंडळीचा जमाखर्च वार्षिक सभेत मागणे हे अविश्वासाचे लक्षण नव्हे; आपण लुटीचे वाटेकरी होऊ नये म्हणून घ्यावयाची ती दक्षता आहे.

मध्यभागीच्या वधस्तंभाकडे पाहा. तेथे आपल्या पापाचा वाटेकरी आहे. त्याने आपला भार उचलला, तो आपण आणखी लुटावे म्हणून नव्हे, तर आपले हात मोकळे व्हावेत म्हणून. मोकळ्या हातांनी जे परत करावयाचे ते परत करा, श्रम करा, आणि मग द्या. प्रभू तुम्हांला त्यासाठी साहाय्य करो.

मननासाठी व चर्चेसाठी प्रश्न

१. लुटारूंच्या कोणत्या कथा तुम्हांला लहानपणी आवडत असत? त्यांत लुटल्या गेलेल्या माणसाविषयी काही सांगितले होते काय?

२. १ शमुवेल २२ आणि २५ हे अध्याय वाचा. दाविदाने गुहेत दिलेला आश्रय आणि नाबालाविरुद्ध त्याचा संताप, ह्यांत तुम्हांला कोणता फरक दिसतो?

३. पश्चात्तापी लुटारू आणि जक्कय ह्या दोघांचेही तारण कृपेनेच झाले. मग एकाने परतफेड केली आणि दुसऱ्याने केली नाही, ह्याचा मेळ कसा घालाल?

४. तुमच्या गावात किंवा शहरात जन्मामुळे संशयित मानले जाणारे लोक कोण आहेत? तुमच्या मंडळीचे दार त्यांच्यासाठी खरोखर उघडे आहे काय?

५. तुमच्या मंडळीचे किंवा संस्थेचे पैसे कोठून येतात, हे तुम्ही शेवटचे कधी विचारले होते?